चर्चा : माहितीपट पूर्ण होण्याआधी त्यातील माणसांना दाखवावा का?

धागाकर्ता : 'रायटिंग विथ फायर' हा 'खबर लहरिया'च्या वार्ताहरांवरचा माहितीपट २०२१ साली आला आणि ऑस्करच्या नामांकनापर्यंत पोहोचला. बुंदेलखंडात २००२ पासून दलित व ग्रामीण स्त्रियांनी चालवलेले हे वृत्तपत्र छापील अंकाकडून मोबाईलवरील बातमीकडे कसे वळले, याची ती कहाणी आहे. मात्र मार्च २०२२ मध्ये, सोहळ्याच्या तोंडावर, खुद्द 'खबर लहरिया'नेच निवेदन काढले. चित्रपट प्रभावी असला तरी आमचे सगळे लक्ष एकाच राजकीय पक्षावर असल्याचे त्यात दिसते आणि ते वास्तवाला धरून नाही, असा त्याचा आशय होता. ज्यांच्या घरात आणि कामात कॅमेरा वर्षानुवर्षे वावरला, त्यांना अंतिम संकलनापूर्वी चित्रपट दाखवलाच पाहिजे, असे माझे ठाम मत आहे.

पहिला प्रतिसाद : मी असहमत आहे. याच चित्रपटात एक तरुण वार्ताहर खाणीच्या परिसरात पुरुषांच्या गराड्यात उभी राहून प्रश्न विचारते. मग त्या पुरुषांनाही संकलन दाखवायचे का? छापण्यापूर्वी बातमी संबंधितांच्या मंजुरीसाठी पाठवली जात नाही, आणि पाठवूही नये. मग हा नियम दिग्दर्शकाला का नसावा?

दुसरा प्रतिसाद : आनंद पटवर्धन यांच्या 'हमारा शहर' (१९८५) या मुंबईतील झोपड्यांच्या पाडापाडीवरील माहितीपटात एक बाई त्यांनाच सुनावते की गरिबांची चित्रे घेऊन तुम्ही नाव कमावणार. तो प्रसंग त्यांनी कापला नाही. मला हा मार्ग अधिक प्रामाणिक वाटतो, कारण आक्षेप चित्रपटाच्या आतच नोंदला जातो.

धागाकर्ता : तो प्रसंग राहिला, पण तो ठेवण्याचा निर्णयही दिग्दर्शकाचाच होता. खाणीवरच्या पुरुषांची तुलना मला मान्य नाही. त्यांनी कोणाला घरात घेतले नव्हते, या स्त्रियांनी घेतले होते. नकाराधिकार कोणालाही देऊ नये. दाखवावे, ऐकून घ्यावे आणि मतभेद उरलाच तर तो चित्रपटाच्या अखेरीस त्यांच्याच शब्दांत लिहावा.

पहिला प्रतिसाद : एवढ्यावर मी तयार आहे, पण एका अटीवर. या चित्रपटात लग्नाच्या दबावाविषयीही मोकळेपणाने बोलले गेले आहे. असा भाग संस्थेला किंवा कुटुंबाला एकत्र बसवून दाखवण्याआधी, जी बोलली तिला एकटीला दाखवावा, आणि तो वगळायचा की ठेवायचा हे मात्र तिनेच ठरवावे.