हॉलच्या फॉल सिलिंगला एलईडी पट्टी लावायचीये, पीओपीवाला रोप लाइट म्हणतोय, काय करू?

नवीनघर_धायरी
नमस्कार मंडळी, पुण्यात धायरीला रीसेलचा फ्लॅट घेतलाय आणि सध्या हॉलचं काम चालू आहे. हॉल १६ बाय ११ फूट, स्लॅब साडेनऊ फुटावर. चारी बाजूंनी सिलिंगची दीड फुटाची पट्टी खाली घेऊन मधे मोकळं ठेवायचं आणि तिच्या आतल्या कडेच्या खाचेतून लपलेला लाइट वर छतावर पडेल असं डिझाइन ठरलंय. फ्रेम उभी राहिलीये, जिप्समचे बोर्ड येत्या आठवड्यात लागतील. पीओपीवाले दादा म्हणतात की ताई रोप लाइट टाकून देतो, डायरेक्ट लाइटवर चालते, ड्रायव्हर बिव्हरची (व्होल्टेज कमी करणाऱ्या डब्याची) कटकट नाही. वायरमन म्हणतो १२ व्होल्टची स्ट्रिप घ्या. दुकानात गेले तर त्याने तिसरंच काहीतरी सांगितलं, सीओबी की काय, आणि एका मीटरला किती वॅट हवेत ते विचारलं तर मला सांगताच येईना.

एक महत्त्वाचं, आई माझ्याकडे राहायला येतीये. तिच्या दोन्ही डोळ्यांची मोतीबिंदूची ऑपरेशनं झालीयेत, तेव्हापासून उघडा बल्ब समोर आला की तिला टोचतं, आणि संध्याकाळचा सगळा वेळ ती हॉलमधेच बसून पेपर वाचते, जप करते. तिला शांत वाटेल असा उजेड पाहिजे, बाकी शोभा वगैरे माझ्यासाठी दुय्यम आहे. कृपया ज्यांनी खरंच लावून घेतलंय त्यांनी सांगा, एकदा बोर्ड लागले की मागे फिरता येणार नाही.

वारजेकर
रोप लाइट अजिबात नको. आमच्याकडे होती, मी स्वतः काढून टाकली. ती २३० व्होल्टवर थेट चालते आणि सेकंदाला १०० वेळा लुकलुकते, साध्या नजरेला कळत नाही पण तासभर बसलं की डोळे जड होतात. दुकानातच मोबाइलचा कॅमेरा स्लो मोशनवर टाकून पट्टीवर धरा, लुकलुकणारी असली तर उजेड धडधडताना दिसतो. आईंसाठी करताय तर ही तपासणी कराच.

वायरमन_कर्वेनगर
ताई, २२ वर्षं हेच काम करतोय, जरा सविस्तर लिहितो.

वारजेकर दादांनी सांगितलं ते बरोबर. त्यात अजून एक, रोप लाइटच्या पूर्ण लांबीत २३० व्होल्ट फिरत असतात. वरची प्लास्टिकची नळी कुठे चिरली किंवा टोकाची टोपी निसटली आणि साफ करताना ओला फडका लागला की झटका. मी घरात लावत नाही, गणपतीच्या मंडपाला ठीक आहे.

आता १२ की २४. तुमची लांबी आधी काढू. दीड फूट दोन्हीकडून गेलं की आतली चौकट १३ बाय ८, म्हणजे ४२ फूट, साधारण १३ मीटर. पट्टीचा रोल ५ मीटरचा येतो, तीन रोल लागतील. १२ व्होल्टची पट्टी २४ वाल्याच्या दुप्पट अँपिअर ओढते, त्यामुळे वायरीत व्होल्टेजही दुप्पट पडतं आणि ते पडतं निम्म्या व्होल्टेजमधून, म्हणजे टक्क्यात बघाल तर नुकसान चौपट. डोळ्याला ते असं दिसतं की सुरुवातीचा उजेड भरपूर आणि रोलच्या शेवटी मंद. टीव्ही युनिटमागे दोन मीटर लावायची तर १२ चालेल पण अख्ख्या हॉलला २४ च घ्या. कापायची खूण २४ ला जरा लांब लांब येते, मीटरला ६० एलईडीच्या पट्टीला १२ मधे दर ५ सेंटिमीटरला आणि २४ मधे दर १०, कोपऱ्यात थोडं ॲडजस्ट करावं लागतं एवढंच.

वॅट. इथे लोक फार चुकतात. दुकानदार मीटरला १४.४ वॅटची देतो आणि सांगतो की भारी उजेड येतो. हिशोब करा, १३ मीटर गुणिले १४.४ म्हणजे १८७ वॅट. चांगली पट्टी वॅटला १०० ल्युमेनच्या (ल्युमेन म्हणजे उजेडाचं माप) आसपास देते, तर झाले अठरा हजारांच्या वर. आपली २० वॅटची एलईडी ट्यूब २००० ल्युमेनची असते. म्हणजे तुम्ही छताला नऊ ट्यूब लपवताय! बराच उजेड खाचेत आणि छतावर खर्ची पडतो हे धरलं तरी ११ बाय १६ च्या हॉलला ते झेपत नाही, आणि आईंना तर नाहीच. मीटरला ९.६ वॅटची घ्या आणि तिला डिमर बसवा. १३ मीटरचे १२५ वॅट होतात, रोज ५ तास फुल चालवली तरी महिन्याला २० युनिटच्या आसपास.

ड्रायव्हर एकच मोठा घेऊ नका, दोन घ्या, दोन दोन बाजू एकेकावर. प्रत्येकावर ६२ वॅट येतील, वर किमान २० टक्के मोकळे ठेवायचे म्हणजे ७५ लागतो, मी १०० चाच लावतो, कारण पूर्ण ताकदीवर चाललेला ड्रायव्हर तापतो आणि लवकर जातो. त्यावर बीआयएसचा शिक्का आणि आर ने सुरू होणारा नंबर बघून घ्या. डिमर लावणार असाल तर ड्रायव्हर डिमिंगवाला आहे का हे आधीच विचारा, साध्या ड्रायव्हरला पंख्याचा रेग्युलेटर जोडून लोक वाट लावतात. आणि डिम केल्यावरही स्लो मोशनमधे परत बघा, काही डिमर कमी उजेडावर लुकलुकतात.

उजेडाचा रंग ३००० केल्विन, म्हणजे पिवळसर. ६५०० चा पांढरा निळा उजेड दवाखान्यासारखा वाटतो. तिन्ही रोल एकाच लॉटचे घ्या, नंतर एखादा वेगळा आणलात तर त्या बाजूची छटा वेगळी दिसते आणि ते रोज डोळ्यात येतं.

नवीनघर_धायरी
दादा, एवढं सविस्तर कुणीच सांगितलं नव्हतं, मनापासून आभार. दोन शंका. ड्रायव्हर ठेवायचा कुठे, पीओपीवाले म्हणतात की सिलिंगच्या आतच टाकू, दिसत नाही. आणि सीओबी म्हणजे काय, घ्यावी का?

जुनीसोसायटी_बिबवेवाडी
ड्रायव्हर सिलिंगच्या आत बंद करू नका हो, कळकळीने सांगते. आमच्याकडे तसंच केलं होतं. दीड वर्षात एका बाजूचा उजेड गेला. पट्टी ठणठणीत होती, ड्रायव्हर गेला होता, आणि तो बसवला होता बरोबर मधल्या भागात जिथे खाचेतून हात पोचत नाही. शेवटी जिप्सम कापला, ड्रायव्हर बदलला, परत बोर्ड, परत पुट्टी, परत रंग, आणि रंगाची छटा काही जुळली नाही म्हणून अख्खं छत रंगवलं. घरात सासऱ्यांचं आजारपण चालू होतं आणि वर ती धूळ! शंभर ग्रॅमच्या डब्यासाठी हे सगळं. त्यात पावसाळ्यात वरच्या फ्लॅटच्या बाथरूमची गळती आमच्या पॅसेजच्या छतात उतरली होती, तेव्हा आत विजेचं काय काय पडलंय या विचाराने मला झोप लागेना. आता दोन्ही ड्रायव्हर पॅसेजच्या माळ्यावर आहेत, स्टुलावर चढलं की हाताला लागतात.

वायरमन_कर्वेनगर
ताईंनी लिहिलंय ते वाचून वाईट वाटलं, पण अशी घरं मी दर महिन्याला बघतो. पट्टी चांगली असेल तर वर्षानुवर्षं चालते, आधी जातो तो ड्रायव्हर. म्हणून त्याची जागा आधी ठरवायची आणि मग बाकी सगळं. माळा नसेल तर टीव्ही युनिटच्या वरचा कप्पा, नाहीतर सिलिंगला फूटभराची झाकणाची जागा सोडायला सांगायची. हवा खेळली पाहिजे.

माळ्यापासून खाचेपर्यंत दीड स्क्वेअर एमएमची तांब्याची वायर, चारी बाजूंना वेगवेगळी जोडी, पाइपातून. प्रत्येक बाजूच्या वायरीचं टोक कोपऱ्यात आणून ठेवायचं. सलग पट्टी कोपऱ्यात वळवू नका, आतली तांब्याची पट्टी तुटते, तिथे खुणेवर कापून वायरने सोल्डर करायचं. क्लिपवाले जोड मिळतात पण मला त्यांचा भरवसा नाही, सहा महिन्यांत सैल होतात.

सीओबी म्हणजे एलईडी इतके जवळजवळ की वेगवेगळे ठिपके दिसतच नाहीत, सलग रेघ दिसते. पट्टी थेट नजरेला दिसणार असेल किंवा छत तुकतुकीत असेल तर सीओबीचा फायदा. तुमच्या खाचेत पट्टी लपलीये आणि उजेड छतावरून परत येतोय, तर मीटरला १२० एलईडीची साधी पट्टी पुरते. सीओबी घेतली तर वाईट काही नाही, फक्त ती नाजूक असते, लावताना दाबू नये.

चिकटवायला मागे टेप असतो, तो पीओपीच्या धुळीवर टिकत नाही, दोन महिन्यांत पट्टी लोंबायला लागते. ॲल्युमिनियमचं चॅनेल स्क्रूने बसवा आणि त्यात पट्टी. चॅनेल उष्णताही ओढून घेतं. आणि रोल गुंडाळलेला असताना चालू करून ठेवू नका, तपासायला अर्धा मिनिट ठीक, जास्त वेळ ठेवला तर आतल्या आत तापून जळतो.

रंगवाला_नऱ्हे
माझं काम रंगाचं. एक गोष्ट कुणी सांगत नाही. हा लपवलेला उजेड छताला घासून जातो, त्यामुळे पुट्टीतला प्रत्येक उंचवटा सावली टाकतो. दिवसा सपाट दिसणारं छत रात्री लाटालाटांचं दिसतं आणि मग मालक आम्हाला बोलतात. माझी विनंती आहे की पट्टी आधी तात्पुरती लावून चालू करा, तिच्या उजेडात पुट्टी घासून घ्या, मग पट्टी काढून रंग. आणि छताला मॅट पांढराच द्या. चमकदार रंग दिला की त्यात एलईडीचे ठिपके आरशासारखे दिसतात, आईंना नेमकं तेच टोचेल.

खाचेत वर स्लॅबपर्यंत किमान ५-६ इंच मोकळी जागा ठेवायला सांगा. फ्रेम बघा आत्ताच. ३ इंच ठेवले तर खाचेलगत एक भगभगीत रेघ येते आणि मधे अंधार. तुमची उंची साडेनऊ आहे, ८-९ इंच खाली आलं तरी पंखा नीट बसेल, पाती जमिनीपासून ७ फुटांच्या खाली येऊ देऊ नका.

भाड्याचंघर_हिंजवडी
ज्यांच्याकडे फॉल सिलिंग नाही त्यांच्यासाठी, भिंत आणि छताच्या कोपऱ्यात बसणारं तिरकं ॲल्युमिनियमचं चॅनेल दुधी झाकणासकट मिळतं. मी बेडरूमच्या एका भिंतीला लावलंय, घर सोडताना काढून नेता येईल. ड्रायव्हर कपाटावर ठेवलाय.

नवीनघर_धायरी
सगळ्यांचे खूप आभार. काल फ्रेम मोजली, खाचेत साडेतीन इंचच मिळत होते! पीओपीवाल्या दादांशी बोलले, बोर्ड लागले नव्हते म्हणून त्यांनी बिनतक्रार खाली घेऊन ६ केले. पट्टी कुठून घेऊ, तपकीर गल्लीतल्या इलेक्ट्रिकच्या बाजारातून की जवळच? आणि आईच्या पेपर वाचण्यासाठी हाच उजेड पुरेल का?

वारजेकर
तपकीर गल्लीच. स्वारगेटला गाडी ठेवून मेट्रोने एक स्टेशन, मंडईला उतरा आणि बुधवार पेठेत चालत जा, त्या गल्लीत गाडी घालण्यात अर्थ नाही. एका दुकानात घेऊन टाकू नका, चार ठिकाणी पट्टी पेटवून बघा. हाताचा तळवा पट्टीखाली धरा, कातडीचा रंग मेल्यासारखा दिसला तर ती पट्टी सोडा. सीआरआय (रंग किती खरे दिसतात त्याचं माप) ९० च्या वरची मागा.

वायरमन_कर्वेनगर
वाचायला हा उजेड पुरणार नाही ताई, आणि पुरवायचा प्रयत्नही करू नका, नाहीतर परत वॅट वाढवाल. आईंच्या खुर्चीशेजारी मागून खांद्यावरून पडेल असा स्टँडचा दिवा ठेवा, ४००० केल्विनचा, बल्ब शेडच्या आत असलेला. छताची पट्टी निम्म्यावर आणि तो दिवा, असं केलं की खोली काळोखी पडत नाही आणि अक्षरही स्वच्छ दिसतं. तिथे एक प्लगचा पॉइंट आत्ताच काढून घ्या, भिंती उघड्या आहेत तोवर. रात्री आई उठल्या तर पट्टी अगदी मंद पेटवता यावी म्हणून तिचं बटण त्यांच्या खोलीच्या दारापाशीही द्या, दोन्हीकडून चालू बंद होतं.

दिवाळीच्या साफसफाईत खाचेतली धूळ मऊ ब्रशने काढायची, तिथे पाली आणि झुरळं राहतात, स्विच बंद करून मगच हात घाला. आणि बोर्ड लागायच्या आदल्या दिवशी प्रत्येक बाजूचा फोटो काढून ठेवा, मोजायचा टेप शेजारी धरून, वायर कुठून गेलीये आणि पंख्याचा हूक कुठे आहे ते दिसेल असा. उद्या पडद्याचा रॉड ठोकायला कुणी ड्रिल घेऊन येईल तेव्हा तो फोटो आधी त्याला दाखवा.