आईचा पडद्यावरचा कीबोर्ड: डीएलएल सापडत नाही म्हणतो

टोरांटोहून, सोमवार रात्र

सर्वांना नमस्कार,

मंडळाच्या यादीवर असला प्रश्न टाकतेय, रागावू नका. पण घरी जाऊन बघेल असा इंदूरचा माणूस मला इथेच मिळेल.

आईला दिवाळीनंतर लकवा झाला हे बऱ्याच जणांना ठाऊक आहे. बोलणं परत आलं, उजवा हात अजून नाही. स्मरणिकेचं टायपिंग वर्षानुवर्षं तीच करायची, त्यामुळे कॉम्प्युटर सोडायला तयार नाही. विंडोजचा स्वतःचा पडद्यावरचा कीबोर्ड (विंडोज, कंट्रोल आणि ओ एकदम दाबायचं) मी फोनवरून सांगून लावून घेतला. डाव्या हातात माउस धरून अक्षरावर बाण क्षणभर टेकवला की अक्षर उमटतं, क्लिकसुद्धा नको. हे बरं चाललं होतं.

मग माझ्या मामेभावाने हौसेने दुसरा कीबोर्ड आणला, पुढचा शब्द सुचवणारा. पेनड्राइव्हवरून उतरवला आणि आत्याला पटकन सापडावा म्हणून त्यातली मुख्य फाइल डेस्कटॉपवर ठेवली. उघडली तर 'व्हीसीरनटाइम१४० डीएलएल सापडली नाही', म्हणजे प्रोग्रामला लागणारी कुठलीशी जोडफाइल. भाऊ हुशार, त्याने कुठल्याशा साइटवरून तेवढीच डीएलएल उतरवली आणि विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरमध्ये टाकली. आता वेगळाच आकडा येतो, ०एक्ससी०००००७बी. आई म्हणते, आधीचा निरोप निदान वाचता तरी येत होता.

लोकमान्य नगरात कुणी डोकावू शकेल का?

सिडनीहून, मंगळवार

ताई, सोपं आहे. कमांड प्रॉम्प्ट उघडून रेगएसव्हीआर३२ आणि पुढे त्या फाइलचं नाव. डीएलएल रजिस्टर झाली की काम होतं. नाहीच झालं तर फॉरमॅट.

इंदूर, रामबाग, गुरुवार सकाळ

बेटा,

काल संध्याकाळी वहिनींकडे जाऊन आलो. कीबोर्ड सुरू झालाय, आधी ते सांगून टाकतो. फॉरमॅट वगैरे काही केलं नाही. सिडनीकरांनी राग मानू नये, पण जेल रोडच्या गल्लीत बावीस वर्षं मशिनं उघडून राहिलोय, आणि 'फॉरमॅट मारा' हे ज्याला रोग कळत नाही त्याचं औषध.

डीएलएल म्हणजे वाड्यातला सामायिक पाटा-वरवंटा. दहा बिऱ्हाडं, पाटा एक. प्रत्येक प्रोग्रामने तीच ती कामं स्वतः लिहीत बसू नये म्हणून ती एका फाइलीत ठेवतात आणि लागेल तेव्हा बोलावतात. आपला मराठी कीबोर्डसुद्धा एक डीएलएलच आहे. सिस्टम३२ मध्ये केबीडीआयएनएमएआर नावाची, जेमतेम काही केबीची. कुठल्या कळीवर क आणि कुठल्यावर ळ, एवढंच तिच्या पोटात.

भावाचं पहिलं चुकलं ते इथे. त्या कीबोर्डचं फोल्डर होतं, त्यात मुख्य फाइल आणि शेजारी तिच्या डझनभर डीएलएल. प्रोग्राम आधी स्वतःच्या फोल्डरमध्ये शोधतो, मग सिस्टमच्या. यांनी मुख्य फाइल तेवढी उचलून डेस्कटॉपवर आणली. पाटा राहिला वाड्यात आणि सूनबाई निघाल्या नव्या घरी. डेस्कटॉपवर शॉर्टकट ठेवायचा असतो, फाइल नाही. एवढंच होतं हो!

दुसरं चुकलं ते जरा गमतीचं. प्रोग्राम आणि डीएलएल दोन जातींचे, जुने ३२ बिटी आणि नवे ६४ बिटी, एकाला दुसऱ्याची चालत नाही. ६४ बिटी विंडोजमध्ये ६४ बिटी डीएलएल राहतात सिस्टम३२ मध्ये, आणि ३२ बिटी राहतात सिसवाव६४ मध्ये. होय, उलटं. जुने प्रोग्राम सिस्टम३२ हे नाव धरून बसले होते म्हणून ते बदललं नाही, आणि त्याचा भुर्दंड अजून आम्ही भरतोय. तो कीबोर्ड ६४ बिटी. साइटवरून आलेली डीएलएल ३२ बिटी. नाव तेच, पण ६४ बिटी प्रोग्रामला ती चालत नाही. मग तो नुसता आकडा फेकतो, तोच तुझा ०एक्ससी०००००७बी.

त्या साइटींबद्दल मी तुझ्या भावाला झापलंय. सुटी डीएलएल वाटणाऱ्या दुकानातून आलेल्या फाइलीत काय भरलंय कुणास ठाऊक, आणि तिला थेट सिस्टमच्या देवघरात बसवायचं! व्हीसीरनटाइम हवी असेल तर मायक्रोसॉफ्टचं व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल घ्यायचं, फुकट असतं. मी ती परकी फाइल काढली, रीडिस्ट्रिब्युटेबल दोन्ही बिटींचं टाकलं, अँटिव्हायरस फिरवला, एसएफसी स्कॅननाउ चालवून सिस्टमच्या फाइली तपासल्या, आणि कीबोर्ड त्यांच्याच साइटवरच्या इन्स्टॉलरने नीट प्रोग्राम फाइल्समध्ये बसवला. रेगएसव्हीआर३२ चा इथे काही संबंध नाही. डीएलएलमध्ये नोंदणीचं दार असेल तरच तो चालतो, आणि हिच्यात ते नाही.

खरी मजा त्यानंतर. नोटपॅडमध्ये झकास अक्षरं. वहिनींनी मंडळाच्या वर्गणी पावत्यांचा जुना प्रोग्राम उघडला, तर एक अक्षर पडेना. बाण टेकतो, कळ निळी होते, आणि पलीकडे शांतता. वहिनी माझ्याकडे अशा बघू लागल्या की जणू मीच बिघडवलं.

कारण असं. पडद्यावरचा कीबोर्ड खरी कळ दाबत नाही, तो विंडोजला सांगतो की ही कळ दाबली असं समज. व्हिस्टापासून विंडोजने नियम घातला की खालच्या अधिकाराचा प्रोग्राम वरच्या अधिकाराच्या खिडकीत कळा ढकलू शकत नाही. नाहीतर कुठलाही व्हायरस तुमच्या वतीने 'होय' दाबून मोकळा. पावत्यांचा प्रोग्राम कुणीतरी कायमचा 'ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवा' करून ठेवला होता, म्हणून तो वरच्या मजल्यावर. अपंगांच्या साधनांना या नियमातून सूट मिळते, पण तीन अटींवर: प्रोग्रामने आपल्या कागदात (म्हणजे त्याच्या फाइलीतल्या माहितीपत्रात) तशी मागणी लिहिलेली असावी, त्यावर डिजिटल सही असावी, आणि तो प्रोग्राम फाइल्ससारख्या सुरक्षित जागी बसलेला असावा. विंडोजच्या स्वतःच्या कीबोर्डला ही सूट आहे. या नव्याच्या कागदात मागणीच नव्हती.

तेव्हा मी उलट्या बाजूने गेलो. पावत्यांच्या प्रोग्रामला ॲडमिनपणा का लागत होता? तर तो डेटा स्वतःच्याच फोल्डरमध्ये लिहायचा, प्रोग्राम फाइल्सच्या आत. डेटा डी ड्राइव्हवर हलवला, 'ॲडमिनिस्ट्रेटर'ची खूण काढली, आणि अक्षरं पडू लागली.

एक अडचण उरते. पडदा काळपट होऊन परवानगीची खिडकी येते ना, तिथे नवा कीबोर्ड पोहोचणार नाही. तेव्हा वहिनींनी डाव्या हाताने माउसचा क्लिक करावा, तेवढं जमतं त्यांना.

काकांचा आशीर्वाद. पोहे वहिनींनी नाही, तुझ्या भावाने केले होते. जीरावण, पोह्यांवरचा आपला इंदुरी मसाला, जास्त झालं होतं.

लोकमान्य नगर, शुक्रवार दुपार

सर्वांना सप्रेम नमस्कार.

हे पत्र मी स्वतः लिहिते आहे. वेळ लागतो, पण वेळेची आता कुठे घाई आहे.

माझी खरी अडचण लेकीने सांगितलीच नाही. मी इनस्क्रिप्टवर शिकले, म्हणजे देवनागरी कळांच्या ठरलेल्या मांडणीवर. त्यात व्यंजनं जवळजवळ सगळी उजव्या हाताकडे, मात्रा डाव्या हाताकडे. म्हणजे लकव्यानंतर माझ्याकडे उरल्या नुसत्या मात्रा आणि खालच्या ओळीतले म, न, व. दवाखान्यातून आल्यावर पहिल्या दिवशी कळांवर हात ठेवला आणि डाव्या हाताने सुचेल ते लिहिलं. मामा. नाना. मान. नाव. मग मौन. मौन डाव्या हाताने पूर्ण लिहिता येतं हे तीस वर्षांत कधी लक्षात आलं नव्हतं. तेव्हा खूप हसले आणि मग रडले.

आता बाणाने लिहिते तेव्हा दोन्ही हातांची अक्षरं सारखीच लांब. स्वातंत्र्य या शब्दाला अकरा वेळा थांबावं लागतं, स, हलन्त, व, काना असं करत. शिफ्ट आणि सहावर त्र एकदम मिळतो, पण शिफ्टवरही थांबायचं असतं, म्हणून वाचतो फक्त एक थांबा. नव्या कीबोर्डमध्ये स्वा झालं की अख्खा शब्द वर येतो. मात्र परवा मी 'मंडळाच्या' लिहिताना त्याने 'मंडळाचा' सुचवलं आणि मी घेतलं. मुद्रितशोधनाची सवय असूनही सुटलं. सुचवलेलं घेताना शेवटचं अक्षर बघायचं, असं चिठ्ठीवर लिहून मॉनिटरला चिकटवलंय.

रामबागच्या भाऊजींना पुन्हा पोहे मिळतील, जीरावण बेताचं.

स्मरणिकेचे लेख १० तारखेपर्यंत पाठवा. सिडनीकरांचा मागच्या वर्षीचा जुन्या फाँटात आला होता आणि मी तो दोन हातांनी पुन्हा टाइप केला होता. यंदा युनिकोडमध्ये नसेल तर तसाच परत पाठवीन.