मदत हवी आहे: उन्हात जर्मेनियम फझचं बायस सरकतंय (रत्नागिरी)

नमस्कार मंडळी. गिटारचा आवाज फाडणारा फझ पेडल आहे: फझ फेस सर्किट, दोन एसी१२८ (जर्मेनियम ट्रान्झिस्टर), पीएनपी, पॉझिटिव्ह ग्राउंड (बॅटरीचं धन टोक ग्राउंडला). दुसऱ्या ट्रान्झिस्टरच्या कलेक्टरला ८.२ किलोओहमऐवजी २० किलोओहमचा ट्रिमपॉट (आतून फिरवायचा बदलता रोध) आहे. सकाळी तिथे बायस (सिग्नल नसतानाचं व्होल्टेज) उणे ४.५ व्होल्ट लावलं की आवाज झकास. दुपारी पत्र्याच्या शेडमध्ये तेच उणे ६.५च्या आसपास जातं, मग सूर फुटतो आणि सुराचं विरत जाणारं शेपूट मध्येच तुटतं. बॅटरी नवी, ९ व्होल्ट बरोबर.

कारण उघड आहे: उष्णतेने पहिल्या ट्रान्झिस्टरचं लीकेज (आपोआप गळणारा करंट) वाढतं, त्याचा कलेक्टर शून्य व्होल्टकडे येतो, दुसऱ्याला बेस करंट कमी मिळतो. ट्रिमपॉट वाढवला की परत जागेवर येतं, पण दर तासाला झाकण कोण उघडणार?

विचारायचंय ते असं:

१. बायसचा पॉट बाहेर काढायचा, तर १० किलोओहम फिक्स्ड अधिक १० किलोओहम पॉट पुरेल का? मेच्या उकाड्यात रेंज संपेल अशी धास्ती आहे.

२. फक्त पहिला सिलिकॉन पीएनपी घातला तर गिटारचा व्हॉल्यूम कमी केल्यावरचा स्वच्छ आवाज कितपत टिकतो? दोन्ही बीसी१०८ (सिलिकॉन, एनपीएन) नकोत. ध्रुवता उलटवायची, वर रेडिओ पकडतो तो वेगळाच.

३. मुंबईत लॅमिंग्टन रोडच्या इलेक्ट्रॉनिक्स बाजारात लीकेज मोजून एसी१२८ देणारं कोणी आहे का? पहिल्याला गेन (करंट किती पट वाढवतो ते) ७०-८० हवा, लीकेज १०० मायक्रोअँपच्या आत.

खाऱ्या वाऱ्याने जॅक हिरवे पडतात, ते आयपीएने (आयसोप्रोपिल अल्कोहोल) साफ केलेत; दोष तिथे नाही.