मदत हवी आहे: इंडेक्स लावूनही सभासदाचा वर्षाचा उतारा यायला १८ सेकंद

धारवाला

नमस्कार मंडळी. इतके दिवस नुसता वाचत होतो, आज अडलोय म्हणून लिहितोय. क्वेरीसकट सगळं देवनागरीत लिहिलंय, सांभाळून घ्या.

कोल्हापूरकडच्या २० दूध संस्थांचं संकलनाचं सॉफ्टवेअर मी आणि माझा चुलतभाऊ बघतो. डेटाबेस मायएसक्यूएल ८.०, त्यात डेटा साठवणारं इंजिन इनोडीबी, भाड्याचा ४ जीबीचा सर्व्हर. मुख्य टेबल एकच, नाव संकलन. संस्था, सभासद, तारीख, पाळी, गाय की म्हैस, लिटर, फॅट, एसएनएफ, दर, रक्कम. संस्थेला सरासरी ३५० सभासद धरा, दोन पाळ्या, चार वर्षांचा डेटा. सगळ्या मिळून २ कोटींच्या आसपास ओळी झाल्यात.

प्रायमरी की, म्हणजे ओळीची एकमेव ओळख, यूयूआयडी आहे: कुठेही बनवला तरी दुसऱ्याशी न जुळणारा ३६ अक्षरांचा कोड. कारण असं की नेट गेलं म्हणून सकाळी सहाला काटा थांबवता येत नाही. नोंद तिथल्या कॉम्प्युटरवर होते, तिथेच यूयूआयडी मिळतो, नेट आलं की वर सर्व्हरवर चढते, तीच सिंक.

आता दुखणं. दहा दिवसांचं बिल पटकन निघतं. पण सभासद खिडकीवर येऊन म्हणाला, "माझा वर्षाचा उतारा द्या", की १८ सेकंद. रांग लागलेली असते, वर सचिवांची बोलणी. क्वेरी अशी:

सिलेक्ट * फ्रॉम संकलन व्हेअर संस्था = १२ अँड सभासद = २१७ अँड तारीख बिट्वीन १ एप्रिल २०२४ अँड ३१ मार्च २०२५

आधी एकच जोड-इंडेक्स (अनेक कॉलम मिळून पटकन शोधायची सूची) होता: संस्था, तारीख, पाळी. ओळखीच्या एकानं सांगितलं की व्हेअरमध्ये येणाऱ्या प्रत्येक कॉलमवर इंडेक्स टाक. टाकले. संस्था, सभासद, तारीख, पाळी, दूध प्रकार आणि सिंक झालं की नाही, असे सहा. उतारा तेवढाच हळू, वर सकाळची सिंक आधीपेक्षा रखडायला लागली. आणि सगळ्या इंडेक्सची मिळून साइझ टेबलापेक्षा जास्त झालीय. हे नॉर्मल आहे का?

क्वेरी कशी चालणार ते दाखवणाऱ्या एक्स्प्लेनमध्ये पॉसिबल कीजला (वापरता येतील असे इंडेक्स) बरीच नावं येतात, त्यात सभासदही आहे. पण की (प्रत्यक्ष वापरलेला इंडेक्स) या रकान्यात तोच जुना संस्था-तारीख-पाळी, की लेंग्थ (त्यातले किती बाइट शोधायला वापरले) ७, ओळींचा अंदाज अडीच लाखांच्या वर. सभासदाचा इंडेक्स समोर असताना हा घेत का नाही? डोकं चालेना.

फडताळ

धारवाला, प्रश्न नीट मांडलात, एक्स्प्लेनसकट. इथं निम्मे लोक नुसतं "स्लो आहे" म्हणून निघून जातात.

साइझपासून सुरू करतो, कारण बाकीचं त्यातूनच उलगडतं. तुम्ही गावाकडचे, म्हणजे आठ-अ आणि सातबारा माहीत असणारच. आठ-अ वर खातेदाराच्या नावावर कुठले गट आहेत ते मिळतं. पण त्या गटात पीक काय, बोजा कुणाचा, इतर हक्कात कोण, हे बघायचं तर गट नंबर घेऊन सातबारा काढावा लागतो. इनोडीबीतला सेकंडरी इंडेक्स म्हणजे आठ-अ. तो फांद्या फुटत जाणाऱ्या झाडासारखा रचलेला असतो, आणि त्या झाडाच्या पानांत तुमचा कॉलम असतो आणि शेजारी त्या ओळीची प्रायमरी की. डिस्कवर ओळ कुठे पडलीय याचा पत्ता तिथे नसतो. प्रायमरी की हातात आली की दुसऱ्या झाडात, म्हणजे मुख्य टेबलात, पुन्हा मुळापासून उतरायचं. इनोडीबीत टेबल म्हणजेच प्रायमरी कीच्या क्रमानं लावलेलं झाड. त्याला क्लस्टर्ड इंडेक्स म्हणतात.

आता तुमचा गट नंबर ३६ अक्षरांचा आहे आणि तो प्रत्येक आठ-अ मध्ये प्रत्येक ओळीला लिहावा लागतो. ३६ बाइट गुणिले २ कोटी म्हणजे ७२ कोटी बाइट, एका इंडेक्समागे साधारण ७२० एमबी. तुमचे झाले सात. म्हणजे ५ जीबी तर निव्वळ यूयूआयडीच्या नकला! साधा चढता नंबर असता, बिगइंट, तर ८ बाइटमध्ये भागलं असतं. सिंक रखडण्याचं कारणही इथेच आहे. एक नोंद चढली की मुख्य झाडात एक आणि सात सेकंडरी झाडांत सात, अशा आठ ठिकाणी लिहावं लागतं. त्यात यूयूआयडी बिनक्रमाचा, त्यामुळे मुख्य झाडातही प्रत्येक नोंद मधेच कुठेतरी घुसते. १६ केबीचं पान (डेटा ठेवायचा कप्पा) भरलेलं असलं की ते फोडून दोन करायचं.

आता उतारा. तुमचा जुना इंडेक्स संस्था, तारीख, पाळी. ही रोजकीर्द आहे. तुम्हाला हवीय खतावणी. रोजकीर्दीत एका माणसाचं वर्ष शोधायचं तर वर्षभराची सगळी पानं उलटायला लागतात. ३५० गुणिले २ गुणिले ३६५, म्हणजे २ लाख ५५ हजार ५०० नोंदी. म्हणून ओळींचा अंदाज तेवढा येतोय. आणि या इंडेक्समध्ये सभासद हा कॉलमच नाही, त्यामुळे नोंद २१७ ची आहे का एवढं बघायलाही प्रत्येक वेळी सातबारा काढायचा. अडीच लाख वेळा! यूयूआयडीमुळे एका दिवसाच्या नोंदीसुद्धा शेजारी-शेजारी नाहीत, जवळजवळ प्रत्येक फेरी वेगळ्या पानावर. बफर पूल, म्हणजे पानं मेमरीत धरून ठेवायची जागा, किती ठेवलाय? हात लावला नसेल तर डिफॉल्ट १२८ एमबी असतो, म्हणजे ही बरीचशी पानं डिस्कवरून येतायत.

खतावणी करा: संस्था, सभासद, तारीख, याच क्रमानं. बरोबरीनं तपासायचे कॉलम आधी, बिट्वीन लागणारा शेवटी. ७३० नोंदी, त्याही सलग. ७३० फेऱ्या हा काही त्रास नव्हे.

पाळी, दूध प्रकार आणि सिंक यांचे सुटे इंडेक्स कशाला ठेवलेत? पाळी म्हणजे सकाळ नाहीतर संध्याकाळ. निम्मं टेबल आठ-अ वरून हुडकण्यापेक्षा अख्खी वही सरळ वाचलेली परवडते, कुठल्या वाटेनं शोधायचं ते ठरवणारा ऑप्टिमायझर तेच करतो. संस्थेवरचा सुटा इंडेक्सही नको, जोड-इंडेक्सचा पहिला कॉलम तोच आहे. फक्त लगेच ड्रॉप करू नका. ८.० मध्ये इंडेक्स इनव्हिजिबल करता येतो, म्हणजे तो असतो पण क्वेरीला वापरला जात नाही. दोन बिलं निघेपर्यंत तसे ठेवा, कुणाची ओरड आली नाही तर काढा. मात्र इनव्हिजिबल असला तरी त्यात लिहिणं चालूच राहतं, सिंकचा वेग ड्रॉप केल्यावरच सुधारेल.

चहाटळ

लिटर, फॅट, रक्कम हे पण त्या इंडेक्सात घाला की. कव्हरिंग इंडेक्स झाला की सातबारा काढायचीच गरज नाही.

फडताळ

खरं आहे, आठ-अ वर क्षेत्र आणि आकारणी लिहिलेली असते, तेवढंच हवं असेल तर पुढे जावं लागत नाही. एक्स्प्लेनमध्ये अशा वेळी युझिंग इंडेक्स दिसतं. पण ७३० फेऱ्या वाचवण्यासाठी २ कोटी ओळींचे आणखी तीन कॉलम दुसरीकडे उतरवून ठेवायचे? मी नाही करणार. शिवाय यांची क्वेरी सिलेक्ट * आहे, म्हणजे सगळे कॉलम मागते, एक कॉलम जरी बाहेर राहिला तरी फेरी चुकत नाही.

धारवाला

फडताळ, आठ-अ चं उदाहरण डोक्यात फिट्ट बसलं. बफर पूल १२८ एमबीच होता, २ जीबी केला. रात्री नवा इंडेक्स लावला.

पण दादा, फरक शून्य. म्हणजे बफर पूलमुळे १८ चे ११ सेकंद झाले, पण एक्स्प्लेन जसाच्या तसा. पॉसिबल कीजमध्ये नवीन इंडेक्स दिसतोय, पण की तीच जुनी, लेंग्थ ७. अ‍ॅनालाइझ टेबल पण करून झालं, म्हणजे टेबलाची आकडेवारी ताजी केली.

मुकी_घंटा

सभासद कॉलमचा टाइप काय आहे? एक्स्प्लेन मारल्यावर लगेच शो वॉर्निंग्ज मारा आणि काय येतं ते इथे लिहा.

पाटाखालचं_पाणी

मायएसक्यूएल सोडून पोस्टग्रेस डेटाबेसवर या, सगळे प्रश्न मिटतील.

मुकी_घंटा

सगळे नाही मिटणार, पण माझा अंदाज खरा असेल तर हा एक पहिल्याच दिवशी कळला असता, एवढं पोस्टग्रेसला देतो. थांबा, टाइप कळू दे.

धारवाला

टाइप वॅरकॅर १०, म्हणजे १० अक्षरांपर्यंत, यूटीएफ८एमबी४ (एका अक्षराला ४ बाइटपर्यंत). नंबर नाही ठेवला, कारण जुने कोड २१७अ, ४०ब असे आहेत. भाऊ-भाऊ वेगळे झाले की थोरल्याकडे जुना नंबर राहतो, धाकट्याला "अ" लागतो.

शो वॉर्निंग्जमध्ये आलं: कॅनॉट यूज रेफ अ‍ॅक्सेस ऑन इंडेक्स, ड्यू टू टाइप ऑर कोलेशन कन्व्हर्जन ऑन फील्ड सभासद. आणि अशाच आणखी ओळी.

मुकी_घंटा

सापडला. तुमच्या क्वेरीत सभासद = २१७ आहे, अवतरणचिन्हाशिवाय. कॉलम अक्षरांचा, समोर आकडा. अशा वेळी मायएसक्यूएल कॉलममधल्या प्रत्येक किमतीचा आकडा करून मग तुलना करतो. आणि "२१७", "०२१७", "२१७अ" या सगळ्यांचा आकडा २१७ च होतो, कारण सुरुवातीचे अंक घेऊन पुढचं तो सोडून देतो. इंडेक्स लावलाय अक्षरांच्या क्रमानं. त्यात "०२१७" एका टोकाला, "२१७अ" दुसरीकडे. नेमकं कुठे उतरायचं हेच ठरत नाही, म्हणून सभासद असलेला कुठलाच इंडेक्स त्याला शोधायला वापरता येत नाही. नव्या खतावणीतला पहिला कॉलम तेवढा उपयोगाचा राहिला, संस्था. एका संस्थेच्या चार वर्षांच्या ओळी दहा लाखांवर. त्यापेक्षा एका वर्षाची रोजकीर्द बरी, म्हणून तो जुन्याकडेच गेला. त्याच्या बाजूनं त्याचं बरोबरच होतं.

अवतरणात '२१७' द्या आणि की लेंग्थ बघा. संस्था इंट असेल तर ४, वॅरकॅर १० चे ४२, तारखेचे ३. बेरीज ४९ यायला हवी. ४९ आलं म्हणजे तिन्ही कॉलम वापरात आले.

पोस्टग्रेसवाल्या भाऊंना: तिथे अक्षरांच्या कॉलमची आकड्याशी तुलना केली की सरळ एरर येतो, ऑपरेटर डझ नॉट एक्झिस्ट. म्हणून वर तसं म्हणालो. तिथला इंडेक्स प्रायमरी की न ठेवता ओळीचा पत्ता ठेवतो, पान नंबर आणि त्या पानातली जागा. त्यामुळे यूयूआयडीच्या नकला सात ठिकाणी होत नाहीत. पण ओळ अपडेट केली की तिची नवी प्रत बनते. बदललेला कॉलम इंडेक्समध्ये असला किंवा नवी प्रत त्याच पानात मावली नाही, तर पत्ता बदलल्याची वर्दी सगळ्या इंडेक्सना द्यावी लागते. उबरनं २०१६ मध्ये पोस्टग्रेसकडून मायएसक्यूएलकडे जाताना दिलेल्या कारणांत हेही होतं. फुकट काहीच मिळत नाही, राव.

धारवाला, आणखी एक. आकडा पाठवल्यावर उत्तर नुसतं हळू येत नाही, चुकीचंही येतं. २१७ मागितला तर २१७अ च्या ओळीसुद्धा आल्या असणार. एकदा बघाच.

धारवाला

बघितलं. दुपारचं जेवण राहिलं ते राहिलंच.

आधी चांगली बातमी. अवतरणात दिल्यावर की लेंग्थ ४९, ओळी ७३० च्या आसपास, वेळ ०.०३ सेकंद. चुलतभावाला वाटलं पान लोडच झालं नाही, त्यानं तीनदा बटण दाबलं.

आता दुसरी. पीएचपीत मी सभासदाच्या कोडला इंटव्हॅल (आकड्यात बदलणारं फंक्शन) लावून पाठवत होतो. कुणी भलतंसलतं टाइप करून डेटाबेस उडवू नये म्हणून. इंटव्हॅलला २१७अ दिलं तरी तो २१७ च करतो. म्हणजे थोरल्याचा उतारा काढा नाहीतर धाकट्याचा, स्क्रीनवर दोघांचं दूध एकत्र. एका संस्थेतून मागे दोनदा तक्रार आली होती, "लिटर जास्त दिसतंय". मी म्हणालो होतो, काट्याचा दोष असेल, काटा तपासून घ्या. त्यांनी काटा तपासून घेतला पण!

आधी छातीत धस्स झालं ते दिवाळीच्या फरक बिलासाठी. वर्षाच्या लिटरवर पैसे वाटले जातात, तिथे असं झालं असतं तर गावात तोंड दाखवायची सोय नव्हती. पण फरक बिल सभासद कोडवर ग्रुप बाय करून निघतं, त्यात आकडा कुठे येतच नाही. तीन संस्थांचं हातानं जुळवलं, पैसे बरोबर आहेत. दहा दिवसांच्या बिलाचंही तेच. चुकला तो फक्त उतारा.

इंटव्हॅल काढला, प्रिपेअर्ड स्टेटमेंट (क्वेरी आणि किंमत वेगळी पाठवायची पद्धत) केलं, कोड अक्षरं म्हणूनच बाइंड केला. पाळी, दूध प्रकार, सिंक आणि संस्था हे चार इंडेक्स इनव्हिजिबल केलेत.

यूयूआयडीचं काय करू? तो काढता येणार नाही, नेटशिवाय चालायलाच हवं.

फडताळ

काढू नका. चढता बिगइंट प्रायमरी की करा, तो सर्व्हर देईल. यूयूआयडी युनिक इंडेक्स म्हणून शेजारी राहू दे, म्हणजे एकच नोंद दोनदा सिंक झाली तरी अडेल. तोही अक्षरांत ठेवू नका, बायनरी १६ करा, यूयूआयडी टू बिन फंक्शन ८.० मध्ये आहे. ३६ चे १६ होतील आणि तेही एकाच इंडेक्समध्ये. २ कोटींचं टेबल नव्यानं बांधायला वेळ लागतो, त्यामुळे हे गर्दीत करू नका. आधी बॅकअप, मग कॉपीवर रंगीत तालीम.

धारवाला

मग फरक बिल वाटून झाल्यावरच हात घालतो. सभासदावरचा सुटा इंडेक्स ठेवू का? आता खतावणी आहे ना.

मुकी_घंटा

संस्था न देता नुसत्या सभासद कोडवर कुठे शोधता का? प्रत्येक संस्थेत २१७ नंबरचा कुणीतरी असणारच. नसाल शोधत तर तोही इनव्हिजिबल. तारखेवरचा मात्र तपासून मगच. सगळ्या संस्थांचा एका दिवसाचा एकत्र रिपोर्ट निघत असेल तर तो लागेल.

धारवाला

निघतो, रोज रात्री. तारखेचा ठेवतो. मंडळी, फार मोठं काम झालं. आता त्या संस्थेच्या सचिवांना फोन लावतो आणि काट्याच्या तपासणीचे पैसे माझ्या बिलातून वजा करा म्हणून सांगतो.