मदत हवी आहे: बुडापेस्टमधली खाद्यभ्रमंती, सोबत शाकाहारी सासूबाई

सप्टेंबरमध्ये बुडापेस्टला ३ दिवस आहोत. मी, नवरा आणि सासूबाई. गाइडसोबत चालत फिरून हंगेरियन पदार्थ चाखायचे, असा अर्धा दिवस ठरवायचाय. आम्ही दोघं सगळं खातो. गुलाश (मांसाचा रस्सा), पालिंका (फळांची कडक दारू), काहीही चालेल. सासूबाई अंडं खातात, मांस-मासे अजिबात नाही, आणि त्यांना सलग अर्ध्या तासाच्या वर चालवत नाही.

दोन टूरवाल्यांना मेल केली. एकाने "शाकाहारी चालेल, काळजी नको" म्हटलं, पण यादीत ६ पैकी ४ पदार्थ मांसाचे. त्याऐवजी काय देणार विचारलं तर उत्तर, चीजची प्लेट! एवढे पैसे भरून चीज कशाला? दुसऱ्याचं उत्तरच नाही.

तिथे लांगोश (तळलेली जाड रोटी), आंबट चेरीचं गार सूप, भाज्यांचं दाटसर फोझेलेक असं बरंच आहे हे माहीत आहे. पण लांगोश काही ठिकाणी डुकराच्या चरबीत तळतात, तुरोश चुसावर (ताज्या चीजच्या नूडल्सवर) बेकनचे तुकडे असतात. नुसतं "मांस नको" म्हणून भागत नाही. फोवाम चौकातल्या १८९७ च्या मोठ्या मंडईत आपले आपण जाऊ, पण वरच्या मजल्यावरच्या स्टॉलवर कढईत नेमकं काय उकळतंय हे हंगेरियनमध्ये विचारणार कोण?

शाकाहारी माणसासोबत कुणी अशी टूर केली आहे का? ग्रुपमध्ये खरंच दुसरे हंगेरियन पदार्थ मिळाले, की खासगी गाइडच घ्यावा लागला? आणि मध्ये बसायला कितीदा मिळतं?