ओसोग्बोचं जंगल, आयेलालाची शपथ: आफ्रिकेतली देवस्थानं समाजाला सांभाळतात की धाकात ठेवतात?

इबादानकर (धागाकर्ता)

मागच्या ऑगस्टमध्ये ओसोग्बोच्या जत्रेचे फोटो घरच्या ग्रुपवर टाकले. आतेभावाचं तत्काळ उत्तर आलं, "तिकडे अजून जादूटोणाच का रे?" खाली हसणारे चेहरे. तिथे वाद घालण्यात अर्थ नव्हता, म्हणून इथे लिहितोय. सहा वर्षं नायजेरियात नोकरी करतोय, त्यातली चार इबादानला.

ओसोग्बो इबादानहून गाडीने साधारण दोन तास. शहराला लागूनच ओसुन नदीच्या काठाने ७५ हेक्टरचं राखीव जंगल आहे. आत देवांची चाळीसएक ठाणी आहेत, काही नुसती झाडाखालची, काही भिंतींची. योरुबा लोकांच्या बहुतेक शहरांच्या वेशीवर पूर्वी असं जंगल असायचं. बाकीची गेली, हे राहिलं.

गोष्ट अशी सांगतात की पाण्याच्या शोधात लारोये आणि तिमेहिन हे दोघं आपली माणसं घेऊन इथे आले. झाड तोडलं, ते नदीत पडलं आणि पाण्यातून आवाज आला, "माझी रंगाची मडकी फोडलीत!" नदीची देवी ओसुन तिथे नीळ भिजवत होती. मग तह झाला. माणसांनी नदीपासून थोडं वर सरकून गाव वसवायचं, देवीने गावाचं रक्षण करायचं आणि गावाने दरवर्षी तिला तिचा मान द्यायचा. आजही जंगलात शिकार, मासेमारी, लाकूडतोड बंद. मला तर ही दंतकथा कमी आणि भाडेपट्टा जास्त वाटते. अटी आहेत, मुदत आहे, दरवर्षी नूतनीकरण आहे.

नूतनीकरणाच्या दिवशी आरुग्बा निघते. राजघराण्यातली अविवाहित मुलगी, डोक्यावर कापडाने झाकलेला मोठा भोपळा, त्यात नैवेद्य. राजवाड्यापासून नदीपर्यंत तिने अडखळायचं नाही. मी बघितलं तेव्हा तिच्या दोन्ही बाजूंना चाबूकवाले पोरगे गर्दी हटवत होते आणि एवढ्या ढोलांच्या गदारोळात तिच्या तोंडून अक्षर नाही. ओठ घट्ट मिटलेले, मानेची शीर ताठ. भोपळा नदीवर पोचला तसा लोकांनी एकदम श्वास सोडला. मग सगळे पिवळे प्लास्टिकचे कॅन घेऊन पाण्याकडे धावले. राजाला तिथे अताओजा म्हणतात. आत्ताचे अताओजा धर्माने मुसलमान आहेत आणि जत्रेचे मुख्य यजमानही तेच. तिथे कुणाला यात विसंगती दिसत नाही.

माझा मुद्दा: देवस्थान ही तिथे फक्त पूजेची जागा नाही. तेच वनखातं, तेच नोटरी, तेच तंटामुक्ती. नायजेरियातल्याच बेनिन सिटी या शहरात चोरी झाली की लोक पोलिसांत जाण्याआधी जाहीर करतात, "वस्तू परत आली नाही तर आयेलालाकडे जाणार." आयेलाला म्हणजे जिच्या नावाने शपथ घेतात ती देवी. वस्तू रातोरात दारात येऊन पडते, असे किस्से तिथल्या कुणालाही विचारा. जिथे पोलीस पैसे मागतो आणि कोर्ट तारखा देतं, तिथे फुकटातलं न्यायालय लोक का सोडतील?

तर्कटी

फुकटातलं? वोल्टा नदीच्या खोऱ्यात जाऊन विचारा. घानाच्या आग्नेयेला एवे लोकांत त्रोकोसी ही प्रथा होती, आणि पूर्ण गेलीय असं छातीठोकपणे कुणी म्हणत नाही. काकाने चोरी केली किंवा आजोबाने कुणाचा खून केला, देवाचा कोप झाला, घरात माणसं मरायला लागली, की भरपाई म्हणून घरातली कोवळी मुलगी ठाण्याला द्यायची. ती पुजाऱ्याच्या शेतात राबते, त्याची मुलं जन्माला घालते. ती मेली तर घराने दुसरी द्यायची. हे तुमचं तंटामुक्ती.

आणि नोटरीचं म्हणाल तर ओकिजा. २००४ साली नायजेरियाच्या आनाम्ब्रा राज्यातल्या या गावी पोलिसांनी ठाण्यांवर धाड घातली तेव्हा कवट्या आणि डझनावारी मृतदेह मिळाले. शपथ मोडून मेलेल्या माणसाचं प्रेत आणि मालमत्ता ठाण्यावर आणून टाकायची, असा रिवाज. त्याच राज्याचे तेव्हाचे राज्यपाल ख्रिस न्गिगे यांना त्यांच्या राजकीय आश्रयदात्याने तिथे शपथेला नेलं होतं, हे त्यांनी स्वतःच सांगितलंय. राज्यपाल संविधानाची शपथ घेतो आणि आश्रयदाता त्याला जंगलात दुसरी शपथ घ्यायला लावतो. यातली खरी कुठली, ते तुम्हीच सांगा.

मीनल_अक्रा

तर्कटी, त्रोकोसीवर तुम्ही लिहिलंय ते खरं आहे, पण अर्धंच आहे. मी घानाच्या राजधानीत, अक्रात नऊ वर्षं होते, नंतर पुण्याला आले.

घानाने १९९८ मध्ये कायदा करून ही प्रथा गुन्हा ठरवली. पण बायका सुटल्या त्या कोर्टामुळे नव्हे. संस्थांची माणसं एकेका पुजाऱ्याकडे महिनोन् महिने जाऊन बसली. मुलीऐवजी गुरं घ्या, पैसे घ्या, देवाला विचारून बघा, अशी बोलणी चालली. मग पुजाऱ्याने स्वतःच विधी करून, सगळ्यांदेखत "तू मोकळी" असं म्हटलं. हा विधी झाला नाही तर कायद्याने सुटलेली मुलगीसुद्धा घरचे परत घ्यायला घाबरायचे. म्हणजे ज्या ठाण्याने बांधलं त्यानेच सोडावं लागलं.

दुसरी बाजूही होती. आफ्रिकानिया मिशन म्हणून तिथे एक चळवळ आहे, १९८२ मध्ये एका कॅथलिक पाद्रीबाबाने चर्च सोडून काढलेली, पारंपरिक धर्माच्या अभिमानाची. त्यांचं म्हणणं, हे गुलामी वगैरे मिशनरी आणि त्यांच्या पैशावरच्या संस्थांनी रंगवलंय, मुळात त्या देवाच्या मानकरी बायका. मला ते पटलं नाही. पण एक कळलं, की तिकडे कुठल्याही ठाण्याबद्दल बोलताना आपण आधी पाद्र्यांच्या शब्दांत बोलायला लागतो. तिथला पुजारी इंग्रजीत स्वतःची ओळख "फेटिश प्रीस्ट" अशी करून देतो. हा शब्द पोर्तुगीज खलाशांनी तुच्छतेने चिकटवलेला, आणि माणूस तो छातीवर बिल्ला लावल्यासारखा सांगतो.

देवगडवाला

इबादानकर, वाचताना आमची देवराईच आठवली. तिथेही काटकी उचलायची नाही, आणि देवाला कौल लावल्याशिवाय झाड पाडायचं नाही. माणूस सगळीकडे सारखाच. लेख आवडला.

तर्कटी

देवगडवाला, हेच मला खटकतं. त्यांचं काही दिसलं की आपण लगेच "आमच्यासारखंच" म्हणून खिशात घालतो. म्हणजे मग ओसुन कोण, योरुबा कोण, काही वाचायला नको. आणि देवराया किती उरल्यात आणि का उरल्यात तो वेगळा धागा होईल, इथे नको.

सावनी_तोरिनो

मी इटलीत, तोरिनोत सामाजिक कामाचं शिक्षण घेतेय. इथे नायजेरियातून फसवून आणलेल्या बायकांसोबत काम करणाऱ्या संस्थेत वर्षभर होते, म्हणून लिहितेय. नेहमी नुसती वाचक असते.

या बायका बहुतेक एडो राज्यातल्या, म्हणजे इबादानकरांनी लिहिलंय त्या बेनिन सिटीच्या आसपासच्या. निघण्याआधी त्यांना ठाण्यावर नेतात. नखं, केस, अंतर्वस्त्राचा तुकडा घेऊन पुडी बांधतात, काहीतरी प्यायला देतात आणि वदवून घेतात की इकडे आणण्याच्या खर्चाचं कर्ज फेडीन, पोलिसांना नावं सांगणार नाही, नाहीतर वेड लागेल, आई मरेल. कर्ज चाळीस-पन्नास हजार युरोंपर्यंत असतं. रस्त्यावर उभं राहून फेडायचं. खोलीला कुलूप नसतं, पासपोर्टही कधीकधी तिच्याकडेच असतो. तरी ती पळत नाही. कुलूप त्या पुडीचं.

इटालियन वकील, मानसोपचारतज्ज्ञ, सगळे समजावून थकायचे. मग मार्च २०१८ मध्ये बेनिन सिटीचे ओबा, म्हणजे पारंपरिक राजे, एवारे दुसरे यांनी राज्यभरचे पुजारी राजवाड्यात जमवले. अशा सगळ्या शपथा रद्द, आणि यापुढे जो कुणी मुलींना अशी शपथ देईल त्यालाच शाप, असं जाहीर केलं. तो व्हिडिओ आमच्या इथल्या बायका मोबाइलवर एकमेकींना दाखवत होत्या. एकजण, मी तिला तोपर्यंत कधी मोठ्याने बोलताना ऐकलं नव्हतं, तिने व्हिडिओ तीनदा लावला आणि मग मला म्हणाली, "आईला फोन लाव." पुढच्या आठवड्यात तिने जबाब दिला.

सगळ्याच सुटल्या असं नाही. दलालांनी शपथविधी शेजारच्या राज्यांत नेले, असं नंतर आलेल्या मुली सांगायच्या. तिथे ओबांचा शब्द चालत नाही.

तर्कटी

सावनी, लिहीत जा. तुमचा प्रतिसाद धाग्यापेक्षा वजनदार आहे (इबादानकरांनी रागावू नये).

पण यातून निघतं काय? एका राजाच्या मनात आलं म्हणून सुटका. त्याच्या जागी मनात न येणारा राजा असता तर?

इबादानकर

रागावलो नाही. सावनींनी लिहिलेलं मला ढोबळ माहीत होतं, पुडीचं आणि फोनचं नव्हतं. बेनिन सिटीबद्दल मी जे कौतुकाने लिहिलं तेच यंत्र तिथे उलटं चालतंय, हे मान्य. चोराला दारात वस्तू ठेवायला लावणारी भीती आणि त्या मुलीला रस्त्यावर उभी ठेवणारी भीती एकाच ठाण्याची असू शकते. "फुकटातलं न्यायालय" हे शब्द मागे घेतो.

मात्र ठाणी नको म्हणणाऱ्यांनी ओसोग्बोचं पुढचंही ऐकावं. १९५० च्या दशकात ते जंगल जवळपास गेलं होतं. चर्च आणि मशिदीत जाणाऱ्या पिढीला त्याचा धाक उरला नव्हता, ठाणी ढासळली होती, लाकूडतोडे आत शिरले होते. तेव्हा सुझान वेंगर ही ऑस्ट्रियन चित्रकर्ती तिथे आली आणि ओसुनची पुजारीणच झाली. आदेबिसी अकांजी आणि इतर स्थानिक कारागिरांना घेऊन तिने सिमेंटच्या प्रचंड मूर्ती, भिंती, कमानी उभ्या केल्या. अकांजी मूळचे गवंडी. १९६५ मध्ये जंगलाला राष्ट्रीय स्मारकाचा दर्जा मिळाला, २००५ मध्ये युनेस्कोच्या यादीत आलं. वेंगरबाई २००९ मध्ये वारल्या त्याही ओसोग्बोतच. म्हणजे धाक ओसरला तेव्हा झाडं पडायला लागली, आणि कायदा यायच्या आधी ठाणी पुन्हा बांधावी लागली.

पण आज? नदी वाहते, गढूळ. वरच्या अंगाला इलेशाच्या बाजूला सोन्यासाठी खोदतात, तो गाळ खाली येतो. पाणी पिऊ नका असं अधिकारीच सांगतात. मी ते पिवळे कॅन बघितले त्यातलं पाणी दुधाच्या चहासारखं होतं. जंगलात काडी मोडायला घाबरणारे लोक आहेत, वर नदीत यंत्र घालणाऱ्याला मात्र ओसुनचा धाक नाही. तिचा करार ओसोग्बोशी, इलेशाच्या खाणवाल्याशी नाही.

आमचा ड्रायव्हर पेंटेकोस्टल पंथाचा ख्रिस्ती आहे, कट्टर. जत्रेच्या दिवशी तो गाडीतून उतरला नाही, काचा वर करून भजनं लावून बसला. मी परत आलो तर पहिला प्रश्न, "साहेब, तिथलं काही उचलून नाही ना आणलं? दगड, पान?" नाही म्हटलं. तरी त्याने मला बूट झाडायला लावले आणि मगच गाडी चालू केली.

मीनल_अक्रा

बूट झाडायला लावले! अक्रातही हेच. रविवारी चर्चमध्ये सैतानाला हाकलणारा माणूस सोमवारी जमिनीच्या वादात ठाण्यावर शपथ घ्यायला बिचकतो. बायबलवर हात ठेवून मात्र बिनधास्त खोटं बोलतो. असं का, विचारलं तर म्हणायचे, "येशू क्षमा करतो ना."

तर्कटी

हे वाक्य मी चोरणार आहे.

जाता जाता आयेलालाबद्दल. इलाजे आणि इजाव या दोन जमातींत वैर होतं, ते मिटवायला एका गुलाम बाईचा बळी दिला, आणि मरताना तिच्या तोंडून निघालेले शब्द म्हणजे आयेलाला, "जग भयंकर आहे," असं सांगतात. मग तिचीच देवी केली आणि तिच्या नावाने शपथा घ्यायला लागले. इबादानकरांचा भाडेपट्टा मला कळतो, त्यात दोन्ही बाजूंनी सही आहे. या बाईची सही कुठे होती?

सावनी_तोरिनो

ही गोष्ट मला माहीत नव्हती. आमच्याकडे येणाऱ्या मुलींतल्या दोघींनी शपथ घेतली ती आयेलालाचीच. त्यांना ही माहीत असेल का, पुढच्या वेळी विचारते. विचारावं की नाही, तेही कळत नाहीये.