दोन सेंडच्या मध्ये स्लीप टाकणाऱ्यांनो, जरा इकडे या

सेगफॉल्ट_काका
काल इथे एकाने टीसीपीवर (दोन मशीनमध्ये डेटा नेणारा प्रोटोकॉल) ज्ञान वाटलं: "टीसीपी भरवशाचं नाही. सी मध्ये क्लायंटकडून तीन मेसेज सेंड केले तरी सर्व्हरला पहिलाच दिसतो. दोन सेंडच्या मध्ये स्लीप 1 (एक सेकंद थांबा) टाका, विषय संपला." वर त्याला धडाधड लाइक. माझी झोप उडाली.

अरे बाबा, मेसेज कुठेही हरवलेले नाहीत, तुझ्याच बफरमध्ये (आलेला डेटा ठेवायच्या जागेत) बसलेत! मेसेज कशाशी खातात हे टीसीपीला ठाऊकच नाही, त्याच्या लेखी सगळी बाइटची धार. टाकीत तीन तांबे ओतले म्हणून खालच्या नळाला तीन तांबे मोजून येत नाहीत. तू सेंडला लांबी दिलीस स्ट्रलेन (मजकुराची लांबी) अधिक 1, म्हणजे मजकूर संपल्याची खूण असलेला शेवटचा शून्य बाइटही गेला. सर्व्हरच्या एकाच रिसीव्हमध्ये तिन्ही आले आणि छापणारा प्रिंटएफ पहिल्या शून्यापाशी थांबला. रिसीव्हने परत दिलेला आकडा (किती बाइट आले) एकदा तरी छापून बघितलास? स्लीपने फक्त सर्व्हरला मधल्या वेळात वाचायला सवड मिळते. सर्व्हर जरा दमला की पुन्हा तेच.

आधी 4 बाइटमध्ये लांबी पाठव, मग तेवढे बाइट पुरे होईपर्यंत लूपमध्ये रिसीव्ह. 0 आला तर पलीकडच्याने कनेक्शन बंद केलं, उणे 1 आला तर एररनो (एररचा क्रमांक) बघ. सेंडही सगळं एका दमात घेईलच असं नाही, तिथेही लूप.

जुगाडू_जयसिंगपूर
तो "एक" मीच. नाव घेतलं असतं तरी चाललं असतं. काका, आदल्या रात्री दोन वाजता स्लीप टाकलं, सकाळी आउटपुट आलं, एक्सटर्नलने (बाहेरच्या परीक्षकाने) सही केली. तुमचा लूप बरोबर असेल, पण लोकलहोस्टवर (दोन्ही प्रोग्राम एकाच मशीनवर) अर्धा मेसेज आलेला मी तरी आजवर बघितला नाही.

वजनकाटा
लोकलहोस्टवर सहसा दिसणार नाहीच. लूपबॅकचा (मशीनच्या आतल्याआत) एमटीयू, म्हणजे एका पॅकेटची कमाल मर्यादा, 65536 बाइट, बाहेर इथरनेटवर 1500. बादलीत पोहून पंचगंगेला नावं ठेवू नका.

पण काका, लांबी पाठवा एवढंच सांगून सुटू नका. साखर कारखान्यात वजनकाट्याचं सॉफ्टवेअर माझ्या गळ्यात होतं. पीसीवरून 12 बाइटचा मेसेज गेला की काट्याकडचा प्रोग्राम बसायचा. तीन दिवस केबल बदलल्या, बाहेर उसाच्या गाड्यांची रांग, ड्रायव्हर शिव्या घालतायत. शेवटी लांबी छापली तर 20,13,26,592! आमचा पीसी लिटल एंडियन (आकड्याचा लहान बाइट आधी), त्यांचं यंत्र बिग (मोठा आधी). एचटीओएनएल (बाइट नेटवर्कच्या क्रमाने लावणारं फंक्शन) विसरलो होतो, दुसरं काही नाही.

जर्नलग्रस्त
"एक्सटर्नलने सही केली." या एका वाक्यात महाराष्ट्रातलं अख्खं इंजिनिअरिंग आलं. आमच्याकडे नेटवर्कच्या ओएसआय मॉडेलचे सात थर तोंडपाठ, पण दोन मशीनमध्ये प्रोग्राम चालवून कुणी दाखवला नाही. एकाचं आउटपुट साठ जर्नलमध्ये, त्यातली स्पेलिंगची चूकसुद्धा साठ वेळा.

लॅबवाली
मी तीच जर्नल तपासते, म्हणून बोलते. वीस मशीन, सात बंद, बॅचला दोन तास. त्यात अर्धा तास तुम्ही हजेरीवरून वाद घालता. व्हायवात रिसीव्ह 0 कधी देतो विचारलं तर पोरं छताकडे बघतात. शिकवलं नाही म्हणायला लाज वाटू दे.

जर्नलग्रस्त
मॅडम, छताकडे बघतात कारण पंखाही बंद असतो.

लॅबवाली
पंख्याचा अर्ज मी चार वेळा दिलाय. तुम्ही पास होऊन किती वेळा परत आलात कॉलेजात, दोन मशीनमध्ये प्रोग्राम चालवून दाखवायला?

जर्नलग्रस्त
बोलावलं कधी? माजी विद्यार्थी मेळाव्याला बोलावता, तेही वर्गणीसाठी.

सेगफॉल्ट_काका
पंखा आणि वर्गणी दुसरीकडे. विषय सॉकेटचा (नेटवर्क कनेक्शनच्या प्रोग्रामिंगचा) आहे.

सरळमार्गी
एवढी डोकेफोड कशाला, यूडीपी (टीसीपीऐवजीचा दुसरा प्रोटोकॉल) घ्या. एक सेंड, एक मेसेज.

सेगफॉल्ट_काका
मेसेजच्या सीमा टिकतात, हे खरं. पण वाटेत पॅकेट पडलं तर सांगायलाही कुणी येत नाही, आणि बफर छोटा निघाला तर उरलेला मेसेज गेला. मग पोचपावती, क्रमांक, पुन्हा पाठवणं हे सगळं हाताने लिहिणार? म्हणजे टीसीपीच, फक्त वाईट.

नेगलपीडित
काका, तुमच्यातही खोट आहे. लांबीचा एक सेंड, मजकुराचा दुसरा, मग उत्तराची वाट बघायची. असं केलं की नेगल (छोटे तुकडे पोचपावती येईपर्यंत रोखणारी टीसीपीची युक्ती) आणि उशिरा निघणारी पोचपावती एकमेकांची वाट बघत बसतात. लिनक्सवर दर मेसेजला 40 मिलिसेकंदांचा ठेचा लागतो. खाल्लाय आम्ही.

सेगफॉल्ट_काका
बरं. लांबी आणि मजकूर एकाच बफरमध्ये भरून एकदाच सेंड करा. माझ्या लिहिण्यात ते राहिलं. तरी तुमचं 40 आणि त्याच्या स्लीपचं 1000 मिलिसेकंद, हे विसरू नका.

जुगाडू_जयसिंगपूर
स्लीप काढलं, लूप टाकला, एचटीओएनएल पण. तिन्ही मेसेज आले. अभिनंदन, जिंकलात, हार कुठे पाठवू? (स्लीपनेही तिन्ही येत होते, हे नोंदवून ठेवतो.)

आता सर्व्हर बंद करून परत चालू केला की बाइंड (सर्व्हरला पत्ता-पोर्ट जोडणारं फंक्शन) म्हणतं पत्ता आधीच वापरात आहे. मिनिटभर थांबलं की चालतं. मग स्लीप 60 टाकू का?

सेगफॉल्ट_काका
एसओ-रियूजॲड्र (तोच पत्ता पुन्हा वापरू देणारा सॉकेटचा पर्याय). बाइंडच्या आधी. हात जोडतो.